निविदा नाकारली, हायकोर्टात जायला उशीर झाला का?

प्रश्न : आम्ही सांगली जिल्ह्यातले नोंदणीकृत कंत्राटदार. एका नगरपालिकेच्या जलवाहिनीच्या कामासाठी निविदा भरली होती. सनदी लेखापालाने दिलेल्या उलाढालीच्या दाखल्यावर यूडीआयएन क्रमांक नाही, या कारणाने आमचा तांत्रिक लिफाफा बाद झाला. ज्याला काम मिळाले त्याच्या दाखल्यावरही तो क्रमांक नाही. पोर्टलवर तसे स्पष्ट दिसते. आम्ही दोन तक्रारअर्ज दिले, माहिती अधिकारातही अर्ज टाकला. यात पाच आठवडे गेले. गेल्या आठवड्यात त्याला कार्यारंभ आदेश मिळाला, खोदाई अजून सुरू नाही. आता कोर्टात जाता येईल का?
– एक कंत्राटदार, सांगली

उत्तर : जाता येईल, पण याच आठवड्यात जा. राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खालील रिट याचिकेला ठरावीक मुदत नाही; मात्र निविदेच्या प्रकरणात कोर्ट आधी तारखा पाहते. दिवस मोजले जातात ते लिफाफा बाद झाल्यापासून. अर्जावर अर्ज दिल्याने किंवा माहिती अधिकाराच्या उत्तराची वाट पाहिल्याने ते थांबत नाहीत.

मुंबई विमानतळाचा 1979 चा रमणा शेट्टी खटला तुमच्यासारखाच आहे. रेस्टॉरंट आणि स्नॅक बारच्या निविदेत पाच वर्षे अनुभव असलेला नोंदणीकृत हॉटेलचालक हवा, अशी अट होती. काम मिळाले ते कँटीन चालवणाऱ्याला. स्वतः घातलेली अट प्राधिकरणाला एकासाठी सैल करता येत नाही, असे सुप्रीम कोर्टाने ठणकावून सांगितले. तरीही ठेका रद्द केला नाही. याचिका निविदा मंजूर झाल्यावर पाच महिन्यांहून अधिक काळाने आली होती, तोवर ठेकेदाराने सुमारे सव्वा लाख रुपये खर्च केले होते आणि याचिकाकर्त्याच्या हेतूबद्दलही कोर्टाला शंका होती. तत्त्व जिंकले, दाद मिळाली नाही.

तुमचे बलस्थान एकच : दोष सारखा, निकाल वेगळा. त्यावरच भर द्या. ‘अटच चुकीची होती’ हा मुद्दा आता काढू नका. अटीवरची हरकत निविदा भरण्यापूर्वीच घ्यायची असते. 2006 च्या जगदीश मंडल निकालानुसार कोर्ट दोन गोष्टी तपासते : निर्णय मनमानी किंवा दुष्ट हेतूचा आहे का, आणि त्याने जनहिताला धक्का लागतो का. आपली निविदा कशी सरस होती हे सांगण्यात वेळ घालवू नका, कोर्ट अपिलात बसलेले नसते.

दिवाणी दाव्याच्या वाटेला जाऊ नका. 2018 च्या दुरुस्तीनंतर विशिष्ट अनुतोष कायद्याच्या कलम 20-अ नुसार, पायाभूत कामाला विलंब होणार असेल तर मनाईहुकूम देता येत नाही. पाणीपुरवठा त्यात मोडतो. रिटमध्येही हे भान ठेवावे, असे सुप्रीम कोर्टाने 2022 मध्ये एन. जी. प्रोजेक्ट्स प्रकरणात सांगितले. म्हणजे उशीर झाला तर काम थांबणार नाही, फार तर नुकसानभरपाईचा प्रश्न उरेल.

आजच पोर्टलवरचा तांत्रिक मूल्यमापनाचा तक्ता आणि दोन्ही दाखले उतरवून घ्या. याचिकेत यशस्वी निविदाधारकाला प्रतिवादी करा. पाच आठवड्यांचा हिशेब तारीखवार आणि प्रामाणिकपणे लिहा. सांगलीची प्रकरणे ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे आहेत, तिथे तातडीच्या सुनावणीची विनंती करा.

शेवटी एक कळकळीची गोष्ट. स्थगितीच्या काळात कामाचा खर्च वाढतो, नळाची वाट पाहणारी घरे तशीच राहतात. तुम्ही हरलात तर तो भुर्दंड तुमच्यावरही येऊ शकतो. म्हणून पुरावा पक्का असेल तरच जा. आणि असेल, तर खोदाईचे यंत्र रस्त्यावर येण्याआधी जा.