सौरपंपाची लिंक आली? आधी पत्ता उजवीकडून वाचा



"सौरपंपाची नोंदणी फी भरा" अशी लिंक काही सभासदांना आलीय. भरायच्या आधी विचारलंत, बरं केलंत. कुसुम योजनेच्या नावानं बनावट साईटी चालतात, असा इशारा केंद्राच्या नवीन व नवीकरणीय ऊर्जा मंत्रालयानंच दिलेला आहे.

*साईट कुणाची, ते असं बघा:*

१) सुरुवातीच्या दोन तिरप्या रेघा सोडा. पुढची तिरपी रेघ येईल तिथं थांबा आणि तिथून उलटं वाचा.

२) शेवट 'डॉट जीओव्ही डॉट इन' असेल तर साईट सरकारी. हे नाव खासगी माणसाला मिळत नाही.

३) नुसतं 'डॉट इन', 'डॉट कॉम' कुणीही विकत घेतं. पण त्यात खऱ्याही असतात. महावितरणची साईट 'महाडिस्कॉम डॉट इन' आहे. म्हणून शेवटाच्या लगेच आधीचा शब्द बघा. 'सोलर डॉट महाडिस्कॉम डॉट इन' असेल तर ती महावितरणचीच. 'महाडिस्कॉमसोलर डॉट इन' असेल तर मालक दुसराच असू शकतो.

४) 'हूइज' शोधात नाव टाका. मालक बहुतेकदा झाकलेला असतो, पण नोंदणीची तारीख दिसते. कुसुम योजना २०१९ ची, आणि साईट गेल्या महिन्यातली? मग थांबा.

कुलपाचं चिन्ह बनावट साईटवरही दिसतं, त्यावर जाऊ नका.

पैसे गेलेच तर लाजू नका, लगेच *१९३०* ला फोन करा.

शंका असेल तर लिंक आधी आम्हाला पाठवा, पैसे नंतर.

– कृषी सल्ला विभाग, वाशी