बिदरी कलेची मालकी कोणाची?

शेत, घर, गुरेढोरे यांस आपण मालमत्ता म्हणतो. परंतु पिढ्यान्‌पिढ्या हातांत मुरलेल्या कसबासही मालमत्ता म्हणता येईल काय? आमच्या बीदरच्या बिदरी कामाकडे पाहिले म्हणजे हा प्रश्न सहजच मनात येतो.

जस्तात थोडे तांबे मिसळून केलेला रस मातीच्या साच्यात ओतून भांडे घडवितात. ते कानशीने घासून त्यावर मोरचुदाचे पाणी लावले म्हणजे पृष्ठभाग काही काळ काळा होतो व कोरलेली नक्षी स्पष्ट दिसते. खाचांत चांदीची तार ठोकून बसवितात. अखेरीस बीदरच्या किल्ल्यातील माती व नवसागर यांची प्रक्रिया केली, की धातू काळाभोर होतो; चांदी मात्र शुभ्रच राहते. याच कलेसाठी शाह रशीद अहमद कादरी यांना २०२३ साली पद्मश्री मिळाली.

अशा कलेचे नाव परक्याने लावून माल विकला, तर न्याय कोठे मागावा? त्यासाठी संसदेने १९९९ साली भौगोलिक मानांकनाचा कायदा केला. तो २००३ साली अमलात आला व २००६ साली बिदरीस मानांकन मिळाले. ही मालमत्ता मोठी विलक्षण आहे. ती एका माणसाची नसते. ती विकता येत नाही, गहाणही ठेवता येत नाही.

तथापि हक्क मिळाला म्हणजे न्याय मिळालाच असे नव्हे. जून २०२५ मध्ये इटलीच्या प्राडा कंपनीने मिलान येथे कोल्हापुरीसारख्या चपला दाखविल्या, पण कोल्हापूरचे नाव घेतले नाही. मानांकन मुख्यत्वे नावाचे रक्षण करते, हे येथे ध्यानी घ्यावे. काही वकिलांनी मुंबई उच्च न्यायालयात याचिका केली. जुलैमध्ये न्यायालयाने ती फेटाळली, कारण मानांकन महाराष्ट्र व कर्नाटक यांच्या दोन महामंडळांच्या नावे होते आणि दाद मागणारे त्याचे धारक नव्हते.

विद्यार्थी मित्रहो, यावरून आम्हांस एक बोध होतो. हक्क ज्याचा, त्याने तो जाणला पाहिजे. बिदरीच्या कारागिरानेही अधिकृत वापरकर्ता म्हणून आपले नाव नोंदविले, तरच कायद्याचे बळ त्याच्या हाती येते. आणि आपण? भांडे विकत घेताना ते कोणाच्या हातचे आहे, एवढे तरी अगत्याने विचारावे. कलेस मान आणि कारागिरास उपवास, हा काही न्याय नव्हे.