गोळी बंद करू नकोस

कराड

चि. समीर,


काल वहिनीचा फोन आला. बोलता बोलता म्हणाली, समीरने बीपीची गोळी सोडली, दोन महिने झाले. आता बरं वाटतंय, आणि गोळीची जन्मभर सवय लागते, असं तुझं म्हणणं. वर कुणीतरी सांगितलं म्हणून सर्पगंधाची पूड मागवलीस. तेव्हापासून माझं कशात लक्ष नाही.

अरे, बरं वाटणं हाच या दुखण्याचा दगा आहे. १६०/१०० असतानाही माणूस हसतखेळत जिने चढतो आणि आत मेंदूच्या, मूत्रपिंडाच्या, डोळ्यांच्या बारीक रक्तवाहिन्या खराब होत राहतात. तुझा आकडा १३०च्या आत आला होता तो गोळीमुळे. गोळी थांबली की तो हळूहळू पुन्हा वर जातो, आणि आपल्याला पत्ताही लागत नाही. सवय तंबाखूची लागते. याला सवय म्हणू नकोस.

सर्पगंधेला मी नावं ठेवणार नाही. मुंबईच्या केईएम रुग्णालयातले डॉ. रुस्तम जाल वकील यांनी ती रुग्णांना देऊन, दाब मोजून, १९४९ साली ‘ब्रिटिश हार्ट जर्नल’मध्ये निष्कर्ष छापले, तेव्हा जगाचं तिच्याकडे लक्ष गेलं. पुढे तिच्यातून रेसर्पिन वेगळं काढलं. वापर वाढला तशी काही रुग्णांना खोल उदासी येते असंही दिसलं. नंतर जास्त सोसवणारी औषधं आली आणि सर्पगंधा मागे पडली. वकिलांनी मात्रा ठरवून दिली होती, रुग्णांवर नजर ठेवली होती. तुझ्या पुडीत औषध किती, हे कोण सांगणार?

तात्यांना, तुझ्या आजोबांना, तू पाहिलं नाहीस, तू झालास तेव्हा ते गेलेले होते. त्यांचं डोकं दुखायचं आणि आई कपाळाला सुंठ उगाळून लावायची. मी तेव्हा कोल्हापुरात बी.एस्सी.ला होते. सुट्टीत घरी यायचे, त्यांच्याशी गप्पा मारायचे, पण एकदा दाब तपासून घेऊ या असं कधी म्हटलं नाही. ते अजून सलतं. ५४व्या वर्षी त्यांचं उजवं अंग गेलं आणि वाचाही. एवढा बोलका माणूस, पण पुढे ते काय म्हणतात ते फक्त आईला कळायचं. तुझ्या बाबांनाही चाळिशीतच बीपी निघालं. आपल्या घरात हे आहे समीर, आणि तरी तू गोळी सोडलीस!

तुझ्या अनघाला विचारलं तेव्हा कळलं, तुझे घोटे सुजत होते. मग हे डॉक्टरांना का नाही सांगितलंस? तुझ्या गोळीने, अ‍ॅम्लोडिपिनने, काहींना तसं होतं. डॉक्टर मात्रा कमी करतात, नाहीतर गोळी बदलून देतात. तुझे बाबा टेल्मिसार्टन घेतात, त्यांना काही त्रास नाही. वरचा आकडा १०ने जरी उतरला तरी अर्धांगाचा धोका साधारण पाव हिश्शाने घटतो. एका गोळीने एवढं होत असेल तर आणखी काय हवं?

मिठाचंही सांगते. दिवसाला ५ ग्रॅमच्या आत, म्हणजे सगळ्या खाण्याचं मिळून जेमतेम एक छोटा चमचा. सैंधव चालतं असं समजू नकोस, दाबासाठी तेही मीठच. फरसाण, पापड आणि ताटात वरून घेतलेलं मीठ सोड. पण मीठ कमी केलं म्हणून गोळी सोडायची नाही.

घरी यंत्र आहेच. मोजण्याआधी अर्धा तास चहा नको. पाच मिनिटं गप्प बस, पाठ टेकलेली, पाय जमिनीवर, हात छातीच्या उंचीला. सकाळ-संध्याकाळचे आकडे वहीत लिही आणि ती वही डॉक्टरांना दाखव.

फार रागावले का रे? लहानपणी तापात तू माझ्याच मांडीवर झोपायचास, आईकडेसुद्धा जायचा नाहीस. मला तू अजून तेवढाच वाटतोस, म्हणून जीव घाबरतो. ऑफिसची दगदग, रात्री-अपरात्रीचे कॉल मला कळतात. एकट्याने दवाखान्यात जायचा कंटाळा येत असेल तर मी येते. सकाळच्या गाडीने दुपारपर्यंत पुण्यात पोचेन.

पण उद्याच डॉक्टरांकडे जा, पुडीचंही त्यांना सांग, आणि ते देतील ती गोळी उद्यापासून घे. माझ्यासाठी एवढं कर, बाळा.

तुझी,
आत्या