कारखाना बंद, कॉलनी रिकामी. आता दिवस कसा घालवू?

प्रश्न : मी ५९ वर्षांचा. उमेदीची वर्षं रसायनीच्या कारखान्यात गेली. तो बंद झाला, कॉलनीतले शेजारी पांगले, मुलगा पुण्याला. मोहोपाड्यात नव्या इमारती वाढल्या, पण ओळखीचं कुणी भेटत नाही. जगण्याला अर्थच उरला नाही असं वाटतं. काय करू?
– एक वाचक, मोहोपाडा

उत्तर : १९६० साली स्थापन झालेल्या हिंदुस्तान ऑरगॅनिक केमिकल्सभोवती तुमच्या परिसराचं जगणं उभं राहिलं. २०१७मध्ये रसायनीचा प्रकल्प बंद करण्याचा निर्णय झाला, तेव्हा पगारासोबत पाळीची शिस्त, कॉलनीतले सण आणि रोजच्या गप्पाही गेल्या. तुमचं दुःख खरं आहे. त्याला मनाचा कमकुवतपणा समजू नका.

व्हिएन्नाचे मनोविकारतज्ज्ञ व्हिक्टर फ्रँकल यांनी १९३०च्या दशकात बेरोजगार तरुणांमध्ये हेच पाहिलं. काम गेलं की माणूस स्वतःला निरुपयोगी समजतो आणि मग जगणंच निरर्थक वाटतं. फ्रँकल यांच्या सांगण्यावरून ते तरुण वाचनालयांत, संस्थांत विनामोबदला राबू लागले. खिसा रिकामाच राहिला, पण निराशा ओसरली.

तुमच्याकडे अनुभव आहे. पाताळगंगा औद्योगिक वसाहतीत नोकरी शोधणाऱ्या आयटीआयच्या मुलांना पंप, व्हॉल्व्ह, सुरक्षेचे नियम शिकवा. आठवड्याचा एक वार ठरवा आणि तो चुकवू नका. जुन्या पाळीतल्या दोघांना आजच फोन करा. मुलाशी बोलताना त्याच्या कामाचीही चौकशी करा.

झोप, भूक दोन आठवड्यांहून अधिक काळ बिघडली असेल किंवा जगणं नकोसं वाटत असेल, तर टेली-मानस या मानसिक आरोग्य हेल्पलाइनच्या १४४१६ या मोफत क्रमांकावर लगेच बोला.