ज्वाळा विझली, धोका टळला नाही

भंडारा जिल्ह्यातल्या शहापुरात आमच्या शेजारच्या घरी सोलर इन्व्हर्टरची लिथियम बॅटरी पेटली, तेव्हा मी तिथंच होतो. आधी थिनरसारखा गोडसर वास आला, मग फसफसत पांढरा धूर. पावडरच्या सिलिंडरनं ज्वाळा लगेच बसली. घरचे सामान काढायला निघाले. ‘काकाजी, आत जाऊ नका,’ म्हणत मी त्यांना अडवलं. थोड्याच वेळात बॅटरी पुन्हा भडकली. ती घरात नव्हती, बाहेर छपरीत होती, म्हणून माणसं वाचली. मी विजेची कामं करतो. तेव्हापासून पुढच्या गोष्टी प्रत्येक घरी सांगतो.

लिथियम-आयनचा एक सेल बिघडून तापला, की आतली रसायनं स्वतःच उष्णता तयार करतात आणि शेजारचा सेलही तापतो. यालाच थर्मल रनअवे म्हणतात. पावडर ज्वाळा मारते, आतली उष्णता काढत नाही. ती काढायला भरपूर पाणी आणि बराच वेळ लागतो. शिवाय धुरात हायड्रोजन आणि कार्बन मोनॉक्साइड असतात. बंद खोलीत ते साचले, तर स्फोट होऊ शकतो.

अमेरिकेत ॲरिझोनातल्या सरप्राइझ इथं 19 एप्रिल 2019 रोजी 2 मेगावॉटच्या बॅटरी केंद्रात हेच घडलं. आग विझवणारा वायू सुटला होता, तरी सेल एकामागून एक तापत गेले. काही तासांनी अग्निशमन जवानांनी दार उघडलं आणि साचलेल्या वायूचा स्फोट झाला. चार जवान गंभीर जखमी झाले. म्हणून मोठ्या केंद्रांत आता वायू ओळखणारे सेन्सर, वायू बाहेर काढणारे पंखे आणि बॅटरीच्या कंटेनरांमधलं अंतर यांवर भर असतो.

अंतराचं मोल आम्हाला वेगळं सांगावं लागत नाही. जवाहरनगरची आयुध निर्माणी शेजारीच आहे. 24 जानेवारी 2025 च्या स्फोटात तिथले कामगार गेले. स्फोटकांसारखीच बॅटरीही माणसांपासून दूर ठेवा. वसईत 2022 मध्ये घरात चार्जिंगला लावलेली स्कूटरची बॅटरी फुटून सात वर्षांचा मुलगा दगावला.

बॅटरी झोपायच्या खोलीत, जिन्याखाली किंवा बाहेर पडायच्या वाटेवर नको. जागा हवेशीर, सावलीची हवी. जवळ गॅस सिलिंडर, तणस, कपडे नकोत. चार्जर बॅटरीसोबतचाच वापरा. फुगलेली, आपटलेली किंवा पाण्यात बुडालेली बॅटरी चार्ज करू नका. एलएफपी (लिथियम आयर्न फॉस्फेट) बॅटरी तुलनेनं सुरक्षित असते, पण तीही पेटू शकते.

धूर दिसला की सगळ्यांना बाहेर काढा. वाटेत सापडला तरच मेन स्विच पाडा. मात्र तो पाडला, तरी सोलरच्या वायरीत दिवसा वीज असतेच. 101 किंवा 112 वर फोन करून ‘लिथियम बॅटरी आहे’ हे आधी सांगा. आणि ज्वाळा दिसेनाशी झाली, तरी अग्निशमनवाले सांगेपर्यंत कोणालाही आत सोडू नका.