एका मताचे मोल : राष्ट्रपतींची निवडणूक आणि महाराष्ट्र

विद्यार्थिमित्रहो, आपल्या देशाचे राष्ट्रपती लोकांच्या प्रत्यक्ष मतांनी निवडले जात नाहीत. संसदेच्या दोन्ही सभागृहांचे निवडून आलेले सभासद आणि राज्यांच्या, तसेच दिल्ली व पुदुच्चेरी यांच्या, विधानसभांचे निवडून आलेले सभासद हे ती निवड करतात. विधान परिषदेच्या सभासदांस हा अधिकार नाही. म्हणजे तुमचे आईवडील ज्यांस आमदार व खासदार म्हणून पाठवितात, त्यांच्या हातून त्यांचे मत राष्ट्रपतिपदापर्यंत पोहोचते. ते कसे पोहोचते, हे महाराष्ट्राच्या एका निकालावरून पाहू.

प्रथम थोडे गणित करू. सर्व राज्यांतील आमदारांच्या मतांचे वजन सारखे नसते. राज्याच्या लोकसंख्येस विधानसभेच्या जागांनी भागावे, आलेल्या संख्येस पुन्हा एक हजाराने भागावे, आणि बाकी पाचशे किंवा त्याहून अधिक राहिल्यास भागाकारात एक मिळवावा, असा राज्यघटनेचा नियम आहे. १९७१ च्या जनगणनेत महाराष्ट्राची लोकसंख्या ५,०४,१२,२३५ होती. विधानसभेच्या जागा २८८. भागाकार करून पाहा; उत्तर १७५ येईल. हेच महाराष्ट्रातील एका आमदाराचे मतमूल्य होय. शेजारच्या गोव्याची लोकसंख्या ७,९५,१२० व जागा ४० धरल्यास भागाकार १९ येतो; परंतु बाकी पाचशेहून अधिक राहते, म्हणून तेथील मतमूल्य २० धरले जाते. उत्तर प्रदेशाचे २०८ आहे, तर सिक्कीमचे अवघे ७. आपल्या छत्रपती संभाजीनगर जिल्ह्यात विधानसभेच्या ९ जागा आहेत. तेव्हा जिल्ह्याच्या आमदारांचे एकूण मतमूल्य १,५७५ होते.

येथे चाणाक्ष विद्यार्थी विचारील की, इतकी जुनी जनगणना का धरावी? २०११ ची लोकसंख्या धरल्यास महाराष्ट्राचे मतमूल्य ३९० येईल. याचे कारण असे की, ज्या राज्यांनी लोकसंख्येच्या वाढीस आळा घातला, त्यांचे वजन त्या चांगल्या कामामुळेच कमी व्हावे, हे न्याय्य नव्हे. म्हणून १९७६ मध्ये घटनादुरुस्ती करून १९७१ चे आकडे कायम करण्यात आले. पुढे ८४ व्या दुरुस्तीने ही मुदत २०२६ नंतरच्या पहिल्या जनगणनेचे आकडे प्रसिद्ध होईपर्यंत वाढविण्यात आली. तेव्हा या १७५ मध्ये तुमच्यापैकी एकाचीही गणना झालेली नाही. तुमच्या आजीआजोबांची मात्र झालेली आहे.

आता निकालाकडे वळू. १८ जुलै २०२२ रोजी मतदान झाले. ओडिशातील मयूरभंज जिल्ह्यात संथाळ कुटुंबात जन्मलेल्या व काही काळ शिक्षिका म्हणून काम केलेल्या श्रीमती द्रौपदी मुर्मू, आणि माजी अर्थमंत्री श्री. यशवंत सिन्हा असे दोन उमेदवार होते. त्याआधी महिनाभरातच शिवसेनेत फूट पडून राज्यातील सरकार बदलले होते. तथापि या निवडणुकीत दोन्ही गटांनी श्रीमती मुर्मू यांसच पाठिंबा दिला. विधानसभेची एक जागा रिकामी असल्यामुळे मतदार २८७ होते. त्यांपैकी २८३ जणांनी मुंबईत विधान भवनात मतदान केले. २१ जुलै रोजी मोजणी झाली. महाराष्ट्राच्या आमदारांची १८१ मते श्रीमती मुर्मू यांस व ९८ मते श्री. सिन्हा यांस पडली. मूल्याने पाहता ही मते अनुक्रमे ३१,६७५ आणि १७,१५० झाली. सर्व देशाचे मिळून श्रीमती मुर्मू यांस ६,७६,८०३ व श्री. सिन्हा यांस ३,८०,१७७ एवढे मतमूल्य मिळाले, आणि श्रीमती मुर्मू विजयी झाल्या.

परंतु १८१ आणि ९८ यांची बेरीज २७९ होते, आणि मतदान तर २८३ जणांनी केले होते. मग उरलेली चार मते कोठे गेली? ती बाद ठरली.

या निवडणुकीत मतपत्रिकेवर शिक्का मारावयाचा नसतो. आयोगाने दिलेल्या लेखणीनेच उमेदवारांच्या नावांपुढे पसंतीचे आकडे १, २ असे लिहावयाचे असतात. पहिल्या पसंतीच्या मतांत कोणासही निम्म्याहून अधिक मूल्य न मिळाल्यास पुढच्या पसंतीची मते मोजतात. असा प्रसंग १९६९ मध्ये आला होता. त्या वेळी श्री. गिरी, श्री. संजीव रेड्डी आणि आपले महाराष्ट्राचे अर्थपंडित श्री. चिंतामणराव देशमुख हे प्रमुख उमेदवार होते. दुसऱ्या पसंतीची मते मिळविल्यावरच श्री. गिरी यांची निवड निश्चित झाली. यावरून तो लहानसा आकडा किती महत्त्वाचा आहे, हे ध्यानात येईल. पसंती अंकाऐवजी अक्षरांत लिहिली, १ हा आकडा लिहावयाचाच राहिला किंवा तो दोन नावांपुढे लिहिला, तर मत बाद होते. मतदान गुप्त असल्यामुळे कोणाचे मत बाद झाले, हे विचारण्याची सोयही नसते.

आता चारांस १७५ ने गुणा. सातशे मूल्य वाया गेले. आणि मूल्याचा प्रत्येक एकक म्हणजे १९७१ च्या गणनेतील सुमारे एक हजार माणसे. म्हणजे त्या चार कागदांबरोबर सुमारे सात लाख माणसांचा शब्द मोजणीतून गळाला. त्या वेळी निकालात त्याने फरक पडला नाही, हे खरे. परंतु ज्यांच्या वतीने आपण कागद हाती घेतला, त्यांचे म्हणणे त्यावर उमटले पाहिजे, हे कर्तव्य निकालावर अवलंबून नसते.

म्हणून, मित्रहो, मत ही प्रतिनिधीची मालमत्ता नव्हे. ती लोकांनी त्याच्यापाशी ठेवलेली ठेव आहे. उद्या तुम्हीही मतदार व्हाल आणि तुमच्यापैकी कोणी प्रतिनिधीही होतील. आज सूचना पुरती वाचून मग उत्तर लिहिण्याची, आकडा स्पष्ट काढण्याची आणि दुसऱ्याने सोपविलेले काम काळजीने पार पाडण्याची जी सवय तुम्ही लावून घ्याल, तीच त्या दिवशी उपयोगी पडेल. पालकांनीही मुलांस जवळ बसवून वरील भागाकार एकदा करून घ्यावेत, अशी विनंती आहे.