टीव्हीवरचा विनोद लिहितं कोण?

प्रश्न : टीव्हीवरच्या विनोदी कार्यक्रमांत कलाकार ऐनवेळी सुचेल ते बोलतात, की त्यांना कुणी लिहून देतं? लिहून देत असतील, तर पुसदहून त्या कामापर्यंत पोचता येईल का?
– एक विद्यार्थिनी, पुसद

उत्तर : लिहून दिलेलं असतं. कलाकार ऐनवेळी भर घालतात, पण प्रसंग पक्का बांधलेला असेल तरच ती भर रंगते.

मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झालं आणि विनायक चासकरांच्या ‘गजरा’ या कार्यक्रमाने छोट्या प्रहसनांची गोडी घरोघरी लावली. आज ‘महाराष्ट्राची हास्यजत्रा’मागे सचिन मोटे यांचं लेखन आणि सचिन गोस्वामी यांचं दिग्दर्शन आहे, समीर चौघुले, प्रसाद खांडेकर स्वतः लिहितात आणि त्यात कामही करतात. २०१४मध्ये सुरू झालेल्या ‘चला हवा येऊ द्या’चे लेखक, दिग्दर्शक आणि सूत्रसंचालक डॉ. नीलेश साबळेच होते. त्याच हास्याच्या मंचावर सागर कारंडे पोस्टमन होऊन पत्र वाचायचे आणि प्रेक्षकांचे डोळे भरून यायचे. ती पत्रं अरविंद जगताप यांनी लिहिलेली. पुढे ‘पत्रास कारण की’ या पुस्तकात ती आली. विविधरंगी कार्यक्रमाच्या लेखकाला हसवणं आणि हलवणं, दोन्ही जमावं लागतं.

हे लेखन एकट्याने बसून संपत नाही. कोणता कलाकार काय पेलेल हे ओळखून लिहायचं, सगळ्यांसमोर वाचायचं, तालमीत पडलेले पंच निर्दयपणे काढायचे आणि पुढच्या आठवड्यासाठी पुन्हा कोरा कागद घ्यायचा. वेग आणि नकार पचवण्याची ताकद इथे प्रतिभेइतकीच लागते.

पुसदची शिदोरी यासाठी मोठी आहे. वऱ्हाडी, बंजारा बोली आणि पैनगंगेपलीकडची मराठवाडी, तिन्ही तुमच्या बाजारात कानावर पडतात. अमरावतीकडचे अभिनेते भारत गणेशपुरे यांची वऱ्हाडी साऱ्या महाराष्ट्राने आपली मानली. मात्र माणूस अमुक बोली बोलतो म्हणून हसवू नका. त्याच्या अडचणीतून, हट्टातून हसू येऊ द्या. नाहीतर आपल्याच माणसांची टिंगल होते.

सुरुवात महाविद्यालयातूनच करा. विद्यापीठांच्या युवक महोत्सवांत प्रहसनाची स्पर्धा असते. मोजकी मिनिटं, मोजकी माणसं. टीव्हीच्या स्किटसाठी याहून चांगला सराव नाही. राज्य हौशी नाट्य स्पर्धेतले प्रयोगही पाहा. आठ-दहा स्किट हाताशी आली, त्यांतली काही प्रेक्षकांसमोर झाली, की मुंबईतल्या लेखन चमूंकडे सहायकाचं काम मागा.

आणि एक गोष्ट विसरू नका. मुंबईतल्या पटकथालेखकांच्या संघटनेचं सभासद होऊन संहिता नोंदवा, मगच ती कुणाला द्या. मानधन लेखी ठरवा आणि श्रेयनामावलीत आपलं नाव असावं, हा आग्रह पहिल्या कामापासून धरा.